शैलकस्तुरांचे वर्गीकरण : दख्खनचा ‘पांडू’ कोणत्या घरचा?

पावसाळा सरला आणि आश्विनाचे ऊन तापू लागले, की बारामती आणि इंदापूर तालुक्यांच्या माळावर हिवाळी पाहुण्यांचे आगमन सुरू होते. भिगवणच्या पाणवठ्यावर उतरणाऱ्या रोहित पक्ष्यांच्या थव्यांकडे सर्वांचे लक्ष जाते. मात्र याच दिवसांत दगडाच्या खाणीत, पडक्या गढीच्या भिंतीवर किंवा जुन्या देवळाच्या शिखरावर एकटाच बसणारा एक निळसर पक्षी बहुतेकांच्या नजरेतून सुटतो. आकाराने तो साळुंकीहून किंचित लहान असतो. नर गडद निळ्या रंगाचा, तर मादी करड्या-तपकिरी रंगाची आणि छाती-पोटावर खवल्यांसारख्या रेषा असलेली. हा पक्षी म्हणजे निळा शैलकस्तूर होय.

नावात ‘कस्तूर’ असला, तरी आजच्या शास्त्रीय वर्गीकरणानुसार तो कस्तूर पक्ष्यांच्या कुलात मोडत नाही. गेल्या सुमारे अडीच शतकांत त्याचे शास्त्रीय नाव अनेकदा बदलले आणि त्याचे घराणेही बदलले. या सर्व उलथापालथीत एक शब्द मात्र टिकून राहिला. तो शब्द दख्खनच्या मातीतला आहे : ‘पांडू’. एका पक्ष्याच्या निमित्ताने वर्गीकरण म्हणजे काय, ते का बदलते आणि त्याचा आपल्या परिसराशी काय संबंध येतो, याचा हा आढावा.

कुल, प्रजाती, जाती

प्रारंभी काही संज्ञा स्पष्ट करणे आवश्यक आहे. ज्यांचे परस्परांत प्रजनन होते आणि ज्यांची रूपवैशिष्ट्ये समान असतात, अशा सजीवांच्या समूहाला स्थूलमानाने ‘जाती’ म्हणतात. निकटच्या नात्यातील जाती मिळून ‘प्रजाती’ होते. काही लेखक तिला ‘वंश’ असेही म्हणतात. अनेक प्रजाती मिळून ‘कुल’ आणि अनेक कुले मिळून ‘गण’ होतो. शास्त्रीय नावातील पहिला शब्द प्रजातीचा, दुसरा जातीचा आणि तिसरा असल्यास तो उपजातीचा असतो.

निळ्या शैलकस्तुराचे शास्त्रीय नाव ‘मॉन्टिकोला सॉलिटेरियस’ असे आहे. मॉन्टिकोला म्हणजे डोंगरात राहणारा आणि सॉलिटेरियस म्हणजे एकाकी. पक्ष्याच्या स्वभावाचे इतके यथार्थ वर्णन करणारी नावे थोडीच असतील. हा पक्षी थव्याने राहत नाही. हिवाळ्यात आपल्या वाट्याचा दगड, भिंत किंवा कडा तो सांभाळून असतो आणि तेथे दुसऱ्याला सहसा फिरकू देत नाही. किडे, लहान सरडे आणि रानफळे हे त्याचे खाद्य. आपल्याकडे हिवाळा काढून एप्रिलच्या सुमारास तो उत्तरेकडे, हिमालयातील कड्याकपारींकडे परततो आणि तेथेच घरटे करतो.

मॉन्टिकोला या प्रजातीत जगभरात तेराच्या आसपास जाती मानल्या जातात. दक्षिण युरोप, आफ्रिका, मादागास्कर आणि आशिया असा त्यांचा विस्तार आहे. भारतात निळ्या शैलकस्तुराखेरीज आणखी तीन जाती प्रामुख्याने आढळतात. निळ्या टोपीचा शैलकस्तूर हिमालयात वीण करून हिवाळ्यात सह्याद्रीच्या जंगलांत येतो. तांबूस पोटाचा शैलकस्तूर हिमालयातच वर-खाली स्थलांतर करतो. तांबूस शेपटीचा शैलकस्तूर स्थलांतराच्या वाटेवर मुख्यतः वायव्य भारतातून जातो. बारामती-इंदापूरसारख्या उघड्या, कोरड्या प्रदेशात दिसण्याची खरी शक्यता निळ्या शैलकस्तुराचीच.

लिनियसची एकच पेटी

स्वीडिश शास्त्रज्ञ कार्ल लिनियस यांनी १७५८ मध्ये ‘सिस्टिमा नॅचुरे’ या ग्रंथाची दहावी आवृत्ती प्रसिद्ध केली. प्राण्यांच्या शास्त्रीय नामकरणाचा आरंभ याच ग्रंथापासून मानला जातो. त्यात लिनियस यांनी निळ्या शैलकस्तुराला ‘टर्डस सॉलिटेरियस’ असे नाव दिले. टर्डस हा लॅटिन शब्द कस्तूर पक्ष्यांसाठी होता. युरोपातील खरे कस्तूर आणि कड्यांवर राहणारा हा निळा पक्षी, दोघेही त्यांनी एकाच पेटीत ठेवले. आकार, चोच आणि एकंदर ठेवण सारखी दिसत असल्यामुळे त्या काळात यात कोणालाही वावगे वाटले नाही.

पुढे संग्रहालयांतील नमुने वाढत गेले आणि टर्डसची पेटी अपुरी पडू लागली. जर्मन पक्षिशास्त्रज्ञ फ्रीड्रिख बॉय यांनी १८२२ मध्ये शैलकस्तुरांसाठी ‘मॉन्टिकोला’ ही स्वतंत्र प्रजाती सुचवली. मात्र तो काळ तारायंत्राचाही नव्हता. एका देशात दिलेले नाव दुसऱ्या देशातील अभ्यासकांपर्यंत पोहोचण्यास अनेक वर्षे लागत. परिणामी याच पक्ष्यांसाठी ‘पेट्रोसिंक्ला’, ‘पेट्रोकॉसिफस’, ‘पेट्रोफिला’ अशी निरनिराळी प्रजातिनामे रूढ झाली. या सर्वांच्या मुळाशी असलेल्या ‘पेट्रा’ या ग्रीक शब्दाचा अर्थ खडक असाच आहे. ब्रिटिश भारतातील प्राण्यांवरील प्रसिद्ध ग्रंथमालेतही १८९० मध्ये हा पक्षी ‘पेट्रोफिला’ या नावाखाली नोंदवला गेला.

अखेरीस ‘मॉन्टिकोला’ हेच नाव का टिकले? याचे उत्तर अग्रहक्काच्या नियमात आहे. एकाच गटाला अनेक नावे दिली गेली असतील, तर नियमानुसार प्रसिद्ध झालेले सर्वांत जुने नाव ग्राह्य धरायचे, असा प्राणिनामकरणाचा आंतरराष्ट्रीय दंडक आहे. १८२२ चे नाव इतर सर्वांहून जुने होते.

दख्खनचा कर्नल आणि ‘पांडू’

या कथेचा आपल्या परिसराशी थेट संबंध येतो तो कर्नल विल्यम हेन्री साइक्स यांच्यामुळे. साइक्स (१७९०-१८७२) हे ईस्ट इंडिया कंपनीच्या सैन्यातील अधिकारी. पेशवाई संपल्यानंतर मुंबई सरकारने १८२४ मध्ये त्यांची नेमणूक दख्खनची सांख्यिकीय माहिती गोळा करण्यासाठी केली. पुणे, अहमदनगर, खानदेश आणि धारवाड या जिल्हा-मुलखांत हिंडून त्यांनी लोकसंख्या, शेती, हवामान, जमीनधारणा यांची माहिती जमवली. त्याच भटकंतीत त्यांनी प्राणी आणि पक्ष्यांचे नमुनेही गोळा केले. बारामती आणि इंदापूर हा मुलूख तेव्हाही पुण्याच्या कलेक्टरीत होता.

इंग्लंडला परतल्यावर १८३२ मध्ये साइक्स यांनी दख्खनच्या पक्ष्यांची यादी लंडनच्या झूऑलॉजिकल सोसायटीपुढे मांडली. या यादीत सव्वादोनशेहून अधिक जातींचा समावेश होता आणि त्यांतील अनेकांचे वर्णन शास्त्रात प्रथमच होत होते. आज ‘साइक्सचा चंडोल’ म्हणून ओळखला जाणारा, दख्खनच्या माळरानावरचा लहानसा तुरेवाला चंडोल त्याच यादीतून जगाला ठाऊक झाला. मोठ्या करड्या सातभाईचे ‘माल्कमी’ हे नावही तेथलेच. मुंबईचे माजी गव्हर्नर सर जॉन माल्कम यांच्यावरून ते दिले गेले.

दख्खनमध्ये मिळालेल्या निळ्या शैलकस्तुराला साइक्स यांनी ‘पेट्रोसिंक्ला पांडू’ असे नाव दिले. त्यासाठी त्यांनी लॅटिन किंवा ग्रीक शब्द शोधला नाही, की एखाद्या वरिष्ठ अधिकाऱ्याचे नावही घेतले नाही. मराठी मुलखात या पक्ष्यासाठी वापरला जाणारा शब्दच त्यांनी शास्त्राच्या पानावर चढवला. त्याच यादीत ‘पेट्रोसिंक्ला माल’ असे आणखी एक नाव होते. नंतरच्या ग्रंथकारांनी ते याच पक्ष्यात विलीन केले. नर आणि मादी इतके वेगळे दिसतात, की अशा पक्ष्यांच्या बाबतीत एकाच जातीला दोन नावे मिळणे त्या काळात दुर्मिळ नव्हते.

पुढे लक्षात आले, की दख्खनचा पांडू आणि भूमध्य समुद्राच्या किनाऱ्यावरचा लिनियसचा पक्षी यांची जाती एकच आहे. त्यामुळे ‘पांडू’ हे जातीचे नाव राहिले नाही. मात्र हिमालयापासून चीनपर्यंत वीण करणाऱ्या आणि हिवाळ्यात भारतात उतरणाऱ्या पक्ष्यांची एक स्वतंत्र उपजाती मानण्यात आली आणि अग्रहक्काच्या नियमानुसार तिला साइक्स यांचेच नाव लाभले. आजही जगभरच्या पक्षिसूच्यांत ती ‘मॉन्टिकोला सॉलिटेरियस पांडू’ अशीच नोंदवली जाते. दोन शतकांपूर्वी दख्खनमधील कुणा शिकाऱ्याने किंवा गुराख्याने उच्चारलेला शब्द बीजिंगपासून लंडनपर्यंतच्या संग्रहालयांतील चिठ्ठ्यांवर आहे. मराठी पक्षिनामांच्या वापरातून मात्र तो जवळपास लोपला आहे.

कस्तूर का मानले गेले?

शैलकस्तुरांना कस्तुरांच्या घराण्यात ठेवण्यामागे ठोस कारणे होती. जुन्या अभ्यासकांनी तीन खुणांवर विशेष भर दिला होता. पहिली खूण पिलांच्या अंगावरील ठिपक्यांची. घरट्यातून नुकत्याच बाहेर पडलेल्या कस्तुराच्या पिलाचा पिसारा ठिपकेदार असतो. शैलकस्तुराच्या पिलाचाही तसाच असतो. दुसरी खूण पायाची. बहुसंख्य गायक पक्ष्यांच्या पायाच्या पुढील बाजूस खवल्यांचे तुकडे स्पष्ट दिसतात. कस्तुरांमध्ये ते एकजीव होऊन पाय गुळगुळीत भासतो. तिसरी खूण एकंदर आकारमान, चोच आणि जमिनीवर उड्या मारत किडे टिपण्याची सवय.

अडचण अशी, की ठिपकेदार पिले माशीमार पक्ष्यांमध्येही आढळतात. म्हणून कस्तूर आणि माशीमार यांच्यामध्ये रेघ नेमकी कोठे ओढावी, हा प्रश्न पक्षिशास्त्रज्ञांना सतत भेडसावत होता. अर्न्स्ट मायर आणि डीन अमाडॉन यांनी १९५१ मध्ये मांडलेल्या वर्गीकरणात माशीमार, कस्तूर, वटवटे, सातभाई असे अनेक गट एकाच प्रचंड कुलात सामावून घेतले होते. डॉ. सालिम अली आणि एस. डिलन रिप्ले यांच्या १९६८ ते १९७४ या काळात प्रसिद्ध झालेल्या दहा खंडांच्या ग्रंथात हीच व्यवस्था होती. तीत कस्तूर हे त्या मोठ्या कुलाचे उपकुल होते आणि शैलकस्तूर त्या उपकुलात होते. भारतातील पक्षिनिरीक्षकांच्या दोन-तीन पिढ्या याच ग्रंथांवर वाढल्या.

याच सुमारास एक महत्त्वाचा पुरावा पुढे आला. पीटर एम्स यांनी १९७५ मध्ये गायक पक्ष्यांच्या स्वरयंत्राच्या रचनेचा अभ्यास प्रसिद्ध केला. कस्तूर आणि माशीमार यांच्या स्वरयंत्रातील स्नायूंची एक विशिष्ट ठेवण समान असून इतर गटांत ती आढळत नाही, असे त्यांनी दाखवले. म्हणजे सातभाई आणि वटवटे बाहेर काढले, तरी कस्तूर आणि माशीमार एकमेकांचे सख्खे शेजारी ठरत होते. त्या दोघांमधली सीमा मात्र अजून निश्चित झालेली नव्हती.

डीएनएचा कौल

ही सीमा बाह्य लक्षणांवरून ठरणार नाही, हे पुढील काही दशकांत स्पष्ट झाले. चार्ल्स सिबली आणि जॉन आल्क्विस्ट यांनी डीएनएच्या संकरणावर आधारलेले पक्ष्यांचे नवे वर्गीकरण १९९० मध्ये ग्रंथरूपाने मांडले. त्यांनी दयाळ, चीरक, गप्पीदास, थिरथिरा, रणगोजा यांसारख्या लहान पक्ष्यांना कस्तुरांच्या बाजूने उचलून माशीमारांच्या बाजूला ठेवले. शैलकस्तूर मात्र या पहिल्या फेरीत कस्तुरांकडेच राहिले.

दुसरी फेरी आली ती जनुकांतील अक्षरे थेट वाचण्याचे तंत्र आवाक्यात आल्यावर. गॅरी व्होएल्कर आणि गार्थ स्पेलमन यांनी २००४ मध्ये पेशीकेंद्र आणि तंतुकणिका या दोन्ही ठिकाणच्या डीएनएच्या आधारे या साऱ्या गटाची वंशावळ तपासली. त्यानंतर २०१० मध्ये दोन स्वतंत्र गटांनी अधिक जनुके आणि अधिक जाती घेऊन विस्तृत अभ्यास प्रसिद्ध केले. सर्वांचा निष्कर्ष एकाच दिशेचा होता : मॉन्टिकोला ही प्रजाती कस्तुरांच्या ‘टर्डिडी’ कुलातील नसून माशीमारांच्या ‘म्यूसिकॅपिडी’ कुलातील आहे. थिरथिरा, गप्पीदास आणि रणगोजा हे तिचे जवळचे नातलग होत.

सह्याद्रीच्या ओढ्याकाठी पहाटे माणसासारखी शीळ घालणारा शीळकरी कस्तूरही याच अभ्यासांत माशीमारांच्या कुलात गेला. योगायोग असा, की त्याच्या ‘मायोफोनस’ या १८२२ मध्ये दिलेल्या प्रजातिनामाचा अर्थच मुळी ‘माशा मारणारा’ असा आहे.

मग जुन्या खुणांचे काय? त्या खोट्या नव्हत्या. पिलांचे ठिपके आणि स्वरयंत्राची ठेवण ही दोन्ही कुलांच्या समाईक पूर्वजांकडून आलेली असावी, असे आज मानले जाते. दोन चुलत घराण्यांनी एकाच आजोबांचे नाक उचलावे, तसे हे साम्य. त्यावरून दोघे एकाच वाड्यातले, हे कळते. कोण कोणत्या खोलीतला, हे कळत नाही. आकार आणि जमिनीवर चरण्याची सवय तर सारख्या जीवनपद्धतीमुळे निरनिराळ्या शाखांत स्वतंत्रपणेही येऊ शकते.

प्रजातीच्या आतील फेरफार

कुल बदलत असताना मॉन्टिकोला प्रजातीच्या अंतर्गत रचनेतही बदल झाले. २००७ मध्ये डायना आउटलॉ, गॅरी व्होएल्कर आणि त्यांच्या सहकाऱ्याने, तसेच २०१० मध्ये डारिओ झुकॉन आणि पेर एरिक्सन यांनी केवळ शैलकस्तुरांच्या वंशावळीवर अभ्यास प्रसिद्ध केले.

त्यांतून दोन गोष्टी प्रकर्षाने पुढे आल्या. मादागास्कर बेटावरील शैलकस्तुरांसाठी पूर्वी ‘स्यूडोकॉसिफस’ ही स्वतंत्र प्रजाती मानली जात असे. ते पक्षी मॉन्टिकोलाच्या वंशवृक्षातच बसत असल्याने ही वेगळी पेटी अनावश्यक ठरली. दुसरे असे, की इथिओपियाच्या डोंगराळ भागातील पांढऱ्या पंखपट्ट्याचा एक काळा-तांबूस पक्षी आजवर दुसऱ्याच प्रजातीत मोडत होता. तोही मॉन्टिकोला निघाला आणि आज त्याचे नाव ‘मॉन्टिकोला सेमिरुफस’ असे लिहिले जाते.

निळ्या शैलकस्तुराच्या साधारणपणे पाच उपजाती मानल्या जातात. त्यांपैकी जपान, कोरिया आणि ईशान्य चीनच्या बाजूची ‘फिलिपेन्सिस’ ही उपजाती विशेष लक्षवेधी आहे. तिच्या नराचे पोट तांबूस असते. आपल्याकडील नर सर्वांगाने निळा असतो. रंगातील हा फरक आणि जनुकीय पुरावा पाहता निळ्या शैलकस्तुराची एकाहून अधिक जातींत विभागणी करावी काय, हा प्रश्न अभ्यासकांत चर्चेत राहिला आहे. उद्या हिमालयी-चिनी गट एकटाच स्वतंत्र जाती ठरला, तर त्याचे नाव नियमानुसार ‘मॉन्टिकोला पांडू’ असे होईल आणि साइक्स यांनी नोंदवलेला शब्द पुन्हा जातीच्या पदावर येईल.

जगभरातील निरनिराळ्या पक्षिसूच्यांत अशा बाबतींत बराच काळ एकवाक्यता नव्हती. ती साधण्यासाठी प्रमुख संस्थांच्या प्रतिनिधींनी एकत्र येऊन २०२५ मध्ये ‘अ‍ॅव्हिलिस्ट’ ही समान जागतिक सूची प्रसिद्ध केली. भारतापुरते बोलायचे, तर जे. प्रवीण, राजा जयपाल आणि आशिष पित्ती यांनी २०१६ मध्ये मांडलेली भारतीय पक्ष्यांची सूची अभ्यासकांत प्रमाण मानली जाते.

माळावरचे नवे भाऊबंद

या बदलाचा अर्थ बारामती-इंदापूरच्या माळावर उभे राहिल्यास चटकन उमगतो. बारामती तालुक्यात सुपे येथे मयूरेश्वर अभयारण्य आहे. चिंकाऱ्यांसाठी १९९७ मध्ये घोषित झालेले हे अभयारण्य अवघे ५.१४ चौरस किलोमीटरचे, राज्यातील लहान अभयारण्यांपैकी एक. इंदापूर तालुक्यात कडबनवाडीचे गवताळ रान आहे. हिवाळ्यात अशा रानात तारेवर गप्पीदास बसलेला असतो, ढेकळांवर रणगोजा असतो, वस्तीजवळ शेपूट थरथरवत थिरथिरा फिरतो, तर चीरक बारमाही असतो. जुन्या पुस्तकाप्रमाणे निळा शैलकस्तूर या सर्वांहून निराळा, सह्याद्रीच्या दाट झाडीतील कस्तुरांचा भाऊबंद होता. नव्या वर्गीकरणाने तो या उघड्या रानातल्या मंडळींच्या पंक्तीला येऊन बसला आहे.

खडकाळ जागांची या दोन तालुक्यांत वाण नाही. इंदापूर गावातील मालोजीराजांची गढी, नीरा आणि भीमा यांच्या संगमावरील नीरा नरसिंहपूरचे देवालय आणि घाट, उजनीचे पाणी ओसरले की उघडे पडणारे पळसदेवचे प्राचीन शिवमंदिर, शिवाय ठिकठिकाणच्या दगडखाणी आणि विहिरींचे कठडे. कड्याची सवय असलेल्या या पक्ष्याला अशी बांधकामे कड्यासारखीच उपयोगी पडतात. युरोपातही तो किल्ल्यांच्या तटांवर राहतो. माल्टा या बेटराष्ट्राचा तर तो राष्ट्रीय पक्षी आहे.

नाव बदलावे काय?

कुल बदलले म्हणून मराठीतही ‘कस्तूर’ हा शब्द टाकून द्यावा काय, असा प्रश्न साहजिकच उपस्थित होतो. तशी आवश्यकता नाही. लोकव्यवहारातील नावे पक्ष्याच्या रूपावरून आणि सवयींवरून पडतात. वंशावळ सांगण्याची जबाबदारी शास्त्रीय नावाची असते. इंग्रजीतही या पक्ष्याच्या नावातील कस्तूरवाचक शब्द कायम आहे. उलट, इंग्रजीत माशीमार म्हणवला जाणारा आपला स्वर्गीय नर्तक हा माशीमारांच्या कुलातील नसून वेगळ्याच कुलातला आहे. मात्र शालेय प्रकल्प, स्थानिक पक्षिसूची किंवा अभयारण्याचे माहितीफलक तयार करताना शैलकस्तुराची नोंद कस्तुरांच्या कुलाखाली करणे आता चुकीचे ठरेल. त्याच ओळीत ‘पांडू’ हे नाव कंसात दिल्यास एक हरवलेला शब्दही परत मिळेल.

जमिनीच्या वर्गवारीचा प्रश्न

साइक्स यांनी पक्ष्यांची यादी मांडली, त्याच दशकात इंदापूर तालुक्यात आणखी एक वर्गीकरण घडत होते. रॉबर्ट कीथ प्रिंगल यांनी आधी केलेली जमीनमहसुलाची आकारणी प्रत्यक्ष जमिनीशी जुळत नव्हती आणि रयत हवालदिल झाली होती. म्हणून १८३५ मध्ये एच. ई. गोल्डस्मिड आणि जॉर्ज विंगेट यांना ती सुधारण्याचे काम देण्यात आले. त्यांनी आरंभ केला तो इंदापूर तालुक्यापासून. मातीची खोली आणि प्रत पाहून जमिनीचे वर्ग पाडण्याची त्यांची पद्धत पुढे मुंबई इलाख्यात सर्वत्र लागू झाली. चुकलेली वर्गवारी शेतात जाऊन पुन्हा तपासावी लागते, हा धडा इंदापूरनेच दिला होता.

त्या व्यवस्थेत जी जमीन नांगराखाली येत नाही, ती ‘पोटखराबा’. सातबाराच्या उताऱ्यावर हा शब्द आजही आहे. खडकाचा उंचवटा, मुरमाड टेकाड, ओढ्याची दरड या सर्वांची रवानगी त्याच रकान्यात होते. गवताळ माळांचीही तीच गत. देशाच्या पडीक जमिनींच्या नकाशासंग्रहात झुडपी माळरानांचा समावेश पडीक जमिनीच्या प्रकारांत होतो. महसुलाच्या दृष्टीने ही वर्गवारी समजण्यासारखी असली, तरी तिचे परिणाम कागदापुरते राहत नाहीत. जी जमीन ‘पडीक’ ठरते, तिच्यावर वृक्षलागवड, कारखाना, खाण किंवा रस्ता आणण्यात कोणाचे काही बिघडते, असे कोणाला वाटत नाही. शैलकस्तूर, साइक्सचा चंडोल, रणगोजा आणि चिंकारा यांचे मात्र तेच घर असते.

पक्ष्याचे कुल चुकले होते, हे पुरावा मिळताच शास्त्राने मान्य केले आणि अडीचशे वर्षांची सवय बाजूला ठेवून नोंद दुरुस्त केली. माळरानाच्या नोंदीबाबत तेवढी तत्परता दिसलेली नाही.

नोंद कशी करावी?

नावे बदलली, तरी नोंदी निरुपयोगी होत नाहीत. साइक्स यांची १८३२ ची यादी आजही वापरता येते, कारण पक्षी कोणत्या प्रदेशात मिळाला आणि दिसायला कसा होता, हे त्यांनी लिहून ठेवले होते. हिवाळ्यात हा पक्षी आढळल्यास दिनांक, गावाचे नाव, नर की मादी, तो कशावर बसला होता आणि आसपासची जमीन कोणत्या प्रकारची होती, एवढे पाच तपशील पुरेसे आहेत. नराचे छायाचित्र मिळाल्यास पोटाचा रंग स्पष्ट दिसेल, असे पाहावे. असा पक्षी त्याच खडकावर वर्षानुवर्षे येतो काय आणि तो खडक नाहीसा झाल्यावर काय होते, याचे उत्तर प्रयोगशाळेतून मिळणार नाही. ते स्थानिक निरीक्षकांच्या वह्यांतूनच मिळेल.

दृष्टिक्षेपात निळा शैलकस्तूर

शास्त्रीय नाव : मॉन्टिकोला सॉलिटेरियस, भारतात येणारी प्रमुख उपजाती पांडू.
प्रथम वर्णन : लिनियस, १७५८. प्रजातीची स्थापना : बॉय, १८२२. उपजातीचे वर्णन : साइक्स, १८३२.
पूर्वीचे कुल : टर्डिडी, म्हणजे कस्तूर. सध्याचे कुल : म्यूसिकॅपिडी, म्हणजे माशीमार व त्यांचे नातलग.
लांबी : २० ते २३ सेंटिमीटर.
आढळ : हिवाळ्यात महाराष्ट्रभर खडकाळ जागा, खाणी, जुनी दगडी बांधकामे.
कालावधी : साधारणपणे ऑक्टोबर ते एप्रिल.